‘व्हय म्हाराजा’ला संमती म्हणत नाहीत

जुलै २०२५ मध्ये केंद्र सरकारने अश्लीलतेच्या कारणावरून २५ अ‍ॅप आणि संकेतस्थळं बंद केली आणि श्रावणात आमच्या तालुक्याच्या वाचनालयात त्यावर चर्चा ठेवली गेली. बाहेर पाऊस, आत प्लास्टिकच्या खुर्च्या, पन्नास-साठ माणसं. एका बाजूने निवृत्त मुख्याध्यापक बोलले. हे सगळं विष आहे आणि आता तर हद्द झाली, ‘हिजड्यांना घेऊनसुद्धा असले पिच्चर काढतात’. दुसऱ्या बाजूने मुंबईहून आलेला तरुण वकील. परदेशात पारलिंगी (ट्रान्सजेंडर) कलाकारांना सामावून घेणारे प्रौढांसाठीचे चित्रपट निघतात, त्यांत शरीराची लाज नसते, जवळीक खरीखुरी दिसते, आपण हे कधी शिकणार? दीड तास दोघं भांडले, टाळ्या दोघांनाही मिळाल्या. त्या दीड तासात कॅमेऱ्यासमोरच्या माणसाबद्दल एकानेही एक प्रश्न विचारला नाही. तिला आधी काय सांगितलं होतं? तिने नेमकं कशाला हो म्हटलं? नंतर नको वाटलं तर तिचं कोण ऐकणार होतं? दाराजवळच्या शेवटच्या खुर्चीवर आमच्या भागातली एक पारलिंगी बाई बसली होती. मी तिला ताई म्हणतो. मुख्याध्यापकांचं भाषण तिने पूर्ण ऐकलं. वकिलाचं अर्ध्यावर आलं तेव्हा छत्री उचलून ती निघून गेली. तिच्या उठून जाण्याकडे कोणाचं लक्ष गेलं नाही.

माझं म्हणणं सुरुवातीलाच मांडतो. असं चित्रण असावं की नसावं, हा वाद नंतरचा आहे. आधीचा प्रश्न संमतीचा. आणि प्रत्येक स्पर्शाआधी विचारली जाते, मध्येच मोडता येते, नंतरही मागे घेता येते, तीच संमती. ती नसेल तर पडद्यावरची जवळीक कितीही खरी दिसो, ती खरी नसते. पारलिंगी माणसांच्या बाबतीत हे अधिक कडकपणे पाळायला हवं, कारण त्यांच्या अंगाकडे निरखून बघायला, त्याबद्दल वाटेल ते विचारायला आपल्याला कोणाची परवानगी लागते असं आपल्याला वाटतच नाही. मालवणात उद्या असला स्टुडिओ निघावा असं मी म्हणत नाही. असं चित्रण प्रसारित करणं आपल्याकडे गुन्हा आहे. माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या ६७अ कलमाखाली पहिल्याच वेळी पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. पण गुन्हा असूनही ते होतंय, हायवेच्या कडेच्या लॉजमध्ये होतंय, आणि ज्यांच्यावर होतंय त्यांना आपण मोजत नाही.

आमच्याकडे देवळात गाऱ्हाणं घालतात. गाऱ्हाणं घालणारा एकेक मागणं मांडत जातो आणि जमलेले सगळे एका सुरात ‘व्हय म्हाराजा’ म्हणतात. लहानपणी मीही म्हणायचो, बऱ्याचदा मागणं काय ते न ऐकताच. त्यात वाईट काहीच नाही. तो गावाचा एकत्र सूर आहे आणि मागणं सगळ्यांच्या भल्याचं असतं. पण माझ्या त्या ‘व्हय’च्या जोरावर उद्या कोणी माझी जमीन आपल्या नावावर करून घेतली तर? शूटिंगच्या खोलीत पुढे सरकवलेल्या कागदावरची सही बहुतेक वेळा तसलीच असते. सगळे माना डोलावत असतात, दिवे लागलेले असतात, गाडीभाडं कोणीतरी भरलेलं असतं. अशा वेळी ‘नाही’ म्हणायला जागा कुठे उरते?

ताईचं असंच झालं. हे लिहायला तिने मला परवानगी दिली आहे, नाव आणि गाव न घालण्याच्या अटीवर. ‘तुमच्या लोकांवर वेब सिरीज काढतोय’ असा फोन आला. लॉजवरच्या खोलीत इंग्रजीतले चार कागद, वर तीन हजार रुपये. पहिला अर्धा तास तिला बोलतं केलं. घरातून बाहेर कशी पडली, गुरूकडे कशी गेली, मंगतीला पहिल्यांदा हात पसरला तेव्हा काय वाटलं, सगळं. ती मनापासून बोलली. पिक्चर म्हणजे हाच, असं ती समजली. मग कपडे बदलायला सांगितलं. मग ऑपरेशनच्या खुणा दाखवायला सांगितल्या. ती नको म्हणाली तेव्हा कागद पुढे आला, सही केलीस ना? अर्ध्यात ती निघाली. जे अर्धं झालं होतं ते दोन महिन्यांनी एका ओळखीच्या पोराच्या मोबाइलवर निघालं, वर मथळ्यात शिवी. मला सांगताना ती रडली नाही. एवढंच म्हणाली, ‘माजा बोलणा सगळा कापून टाकल्यानी. आंग तेवढा ठेवल्यानी.’

आता समोरच्या बाजूचा सगळ्यात वजनदार मुद्दा. अनेक स्त्रीवादी कार्यकर्त्याही तो मांडतात. पोटासाठी दिलेल्या होकाराला संमती म्हणायचं का? जिच्यासमोर मंगती, बधाई (लग्न-बारशाच्या घरी नाचून मागितलेली बिदागी) आणि देहविक्रय एवढ्याच वाटा आहेत, तिने चौथी वाट धरली तर त्याला निवड म्हणणं ही क्रूर थट्टा नाही का? मला हा मुद्दा मान्य आहे, अर्ध्याहून जास्त मान्य आहे. ज्यांना घर भाड्याने मिळत नाही, दुकानात काम मिळत नाही, शाळा जिथल्या तिथे सुटते, त्यांच्या ‘हो’मध्ये आपण सगळ्यांनी बंद केलेल्या दारांचा वाटा असतोच. पण तेवढ्यावरून त्यांचा ‘हो’ कवडीमोल ठरवला तर त्यांचा ‘नाही’सुद्धा कवडीमोल होतो. ‘ही तशीच, हिला कसली आलीय मर्जी’ हे वाक्य पोलीस ठाण्यातही ऐकू येतं आणि कळवळ्याच्या भाषणातही. रत्नागिरीच्या मिरकरवाडा बंदरात नेपाळी खलाशी ट्रॉलरवर चढतात ते हौसेने नव्हे, गरजेपोटीच चढतात. म्हणून त्यांच्या होकाराला किंमत नाही असं आपण म्हणतो का? आपण म्हणतो, ठरलेला पगार द्या, लाइफ जॅकेट द्या, वादळाची सूचना आली की बोट परत आणा. गरज आहे म्हणून अटी जास्त कडक हव्यात. खलाशाला एक मोठी सोय मात्र आहे. १ जूनला मासेमारी बंद होते, तो गावी जातो, हंगाम संपतो. चित्रफितीचा हंगाम संपत नाही. म्हणून तिथे ‘परत फिरता येणं’ ही अट सगळ्यात वरची, आणि नेमकी तीच आजवर सगळ्यात कमी पाळली गेली.

दुसरा आक्षेप सौंदर्याच्या बाजूने येतो, आणि त्या तरुण वकिलाच्या बोलण्यात तो दडलेला होता. सगळं आधी ठरवलं, काय चालेल काय नाही याची यादी केली, मध्ये थांबून विचारत बसलं, तर जवळिकीतला जिवंतपणा जातो. खरेपणा अचानकपणातच असतो. ऐकायला पटतं. पण दशावतार बघत मोठा झालेला माणूस हे मान्य करणार नाही.

माझे वडील तीसेक वर्षं दशावतारात स्त्रीपार्टी करायचे. दशावतारात लिहिलेली संहिता नसते, हे कोकणाबाहेर फार जणांना ठाऊक नसतं. त्या रात्रीचं आख्यान कोणतं, कोण राजा, कोण राक्षस, कोण कोणाला कुठे भेटणार, हे रंगपटात चटईवर बसून, समोर आरसा धरून तोंडाला रंग लावता लावता ठरतं. संवाद तिथल्या तिथे सुचतात. मृदंग चढला की युद्धनृत्यात दोघं एकमेकांच्या अंगावर असे धावून जातात की पुढे बसलेली पोरं मागे सरकतात. मी कितीतरी रात्री रंगपटात बसलोय. वडील गंगावन बांधत असायचे आणि मधूनच समोरच्या राजपार्टीला विचारायचे, आज हात धरणार की पदर? ओढत नेणार असशील तर डाव्या हाताने ने, उजवा खांदा दुखतोय. तो नवखा असला तर त्याला स्वतःहून सांगायचे, मी मान खाली घातली की थांब, मग पुढचं बोल. हे सगळं दोन मिनिटांत व्हायचं. मग पहाटे तीनला द्रौपदीचा हात धरला जायचा आणि बायका पदराने डोळे पुसायच्या. तो आकांत खोटा होता? माझे वडील स्वतःला एवढं झोकून देऊ शकायचे, कारण समोरचा कुठे थांबणार हे त्यांना पक्कं ठाऊक असायचं.

आणि जिथे ते ठाऊक नसायचं तिथे काय व्हायचं, तेही मी पाहिलंय. एका जत्रेत नाटक संपल्यावर, वडील लुगड्यातच हात-पाय धुवायला विहिरीकडे गेले असताना, दोघा-तिघांनी त्यांना अंधारात धरलं. ‘बाईचो सोंग घेतलंस मगे बाईसारखो वाग’, असं काहीसं ते म्हणत होते. ते धापा टाकत परत आले, ब्लाउजची बाही फाटलेली. कोणी काही विचारलं नाही. पेटारा बांधला गेला, आम्ही पुढच्या गावाला निघालो. मी अकरा वर्षांचा होतो. रंगमंचावर धरलेला हात आणि विहिरीवर धरलेला हात, माणूस तोच, लुगडं तेच. फरक काय होता ते मला कोणी शब्दांत सांगितलं नाही, पण त्या रात्री कळलं. बायकी दिसणाऱ्या अंगावर आपला हक्क आहे असं मानणारी माणसं जत्रेत होती. आज ती मोबाइलच्या पडद्यामागे आहेत.

‘खरेपणा’साठी संमतीला बगल दिली की काय होतं, याचं जगातलं सगळ्यात कुप्रसिद्ध उदाहरण ब्लू फिल्मचं नाहीच, मान्यवर कलाकृतीचं आहे. १९७२ च्या ‘लास्ट टँगो इन पॅरिस’मध्ये मारिया श्नायडर १९ वर्षांची होती. बलात्काराच्या एका दृश्यातला लोण्याचा तपशील दिग्दर्शक बर्टोलुची आणि मार्लन ब्रँडो यांनी त्या दिवशी सकाळी ठरवला आणि तिला नीट विश्वासात घेतलं नाही. बर्टोलुचीने २०१३ मध्ये कारण सांगितलं ते असं, की त्याला अभिनेत्रीची नव्हे, मुलीची प्रतिक्रिया हवी होती. संभोगाचा अभिनय होता, अश्रू मात्र खरे होते, असं श्नायडर सांगत असे. त्या अपमानाने तिचा पुढे पिच्छा सोडला नाही. जगाने त्या अश्रूंना अस्सल म्हटलं. मी म्हणतो, ते चोरलेले होते. चित्रसृष्टीला हे कळायला फार वर्षं लागली. २०१८ मध्ये एचबीओ या अमेरिकी वाहिनीने आपल्या मालिकांतल्या प्रत्येक जवळिकीच्या दृश्यासाठी इंटिमसी कोऑर्डिनेटर नेमायचं जाहीर केलं, आणि आता मुंबईतही हे काम करणारी माणसं आहेत. त्यांचं काम म्हणजे वडील चटईवर बसून दोन मिनिटांत करायचे तेच, फक्त पगारी आणि कागदावर. प्रौढ चित्रपटांत तर खोट्याचा आडोसाही नसतो, स्पर्श खराच असतो. मग तिथे ही दोन मिनिटं कमी लागतात की जास्त?

मग ‘समावेशक’ या शब्दाकडे येऊ. संशय घेणारे म्हणतात, पारलिंगी कलाकार घेणं म्हणजे बाजाराने शोधलेली नवी चव, बाकी काही नाही. बरोबर आहे, पुष्कळदा तेवढंच असतं. परदेशातही या धंद्याने वर्षानुवर्षं पारलिंगी स्त्रियांची चित्रणं शिवीच्या नावाखाली विकली. अमेरिकेत या कलाकारांसाठी जे पुरस्कार होते त्यांच्या नावातच अशी शिवी होती. ती काढून २०१४ मध्ये ‘ट्रान्सजेंडर इरॉटिका अवॉर्ड्स’ असं नाव केलं गेलं. नाव बदलल्याने सगळं बदलतं असं नाही. पण आपल्याला काय म्हणायचं हे ठरवण्याचा अधिकार त्यामागे आहे, आणि तिथूनच पुढचे अधिकार सुरू होतात. सोबत कोण असावं, अंगाच्या कोणत्या भागाला कोणत्या नावाने हाक मारली जावी, कुठे हात नको, कोणती खूण केली की सगळं थांबेल, हे कलाकारानेच ठरवायचं अशी पद्धत बाहेर काही छोट्या निर्मात्यांनी रुळवली आहे. पारलिंगी माणसासाठी यातली हाक मारण्याची बाब किरकोळ नाही. ज्या अवयवाशी ती जन्मभर भांडली त्यालाच कॅमेऱ्याने केंद्र केलं आणि शिवीने हाक मारली, तर तिच्या हजर असण्याला समावेश म्हणायचं? ताईलाही लॉजवर ‘समाविष्ट’ केलंच होतं.

‘सही केली, पैसे घेतले, आता कसली तक्रार?’ हा प्रश्न आपल्याकडे नवा नाही. १८८४ मध्ये दादाजी भिकाजीने, नांदायला ये म्हणून, रखमाबाईवर दावा लावला, तेव्हा त्याचा सगळा आधार हाच होता की लग्न झालंय. ते अकराव्या वर्षी लागलं होतं, तिच्या मर्जीचा प्रश्नच आला नव्हता. १८८७ मध्ये कोर्टाने सांगितलं, नवऱ्याकडे जा नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. तिने तुरुंग पत्करीन असं सांगितलं. १८८८ मध्ये तडजोड झाली, मग ती डॉक्टर झाली. रत्नागिरीत जन्मलेल्या टिळकांबद्दल मला अतोनात आदर आहे, पण ‘केसरी’ तेव्हा रखमाबाईच्या विरोधात उभा होता आणि १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याच्याही. परक्या सरकारने आमच्या घरात का शिरावं, हा त्यांचा प्रश्न खोटा नव्हता. पण त्या गदारोळात दहा-बारा वर्षांच्या मुलीला कोणी काही विचारलं नाही. श्रावणातल्या आमच्या चर्चेत संस्कृती होती, स्वातंत्र्य होतं, आणि ती मुलगी पुन्हा गायब होती. अमेरिकेत सॅन दिएगोच्या कोर्टाने जानेवारी २०२० मध्ये याच प्रश्नाचं उत्तर दिलं. चित्रफिती परदेशात डीव्हीडीवर विकू, इंटरनेटवर टाकणार नाही, असं खोटं सांगून एका कंपनीने तरुण मुलींकडून सह्या घेतल्या होत्या. २२ जणी कोर्टात गेल्या. कोर्टाने सह्या बाजूला ठेवल्या, सुमारे १ कोटी २७ लाख डॉलर भरपाई दिली आणि चित्रफितींवरचा हक्कही त्यांना दिला. इंटरनेटवर गेलेलं परत आणता येत नाही म्हणणाऱ्यांनी आणखी एक बघावं. डिसेंबर २०२० मध्ये व्हिसा आणि मास्टरकार्डने हात काढून घेताच पॉर्नहबने, टाकणाऱ्याची ओळख पटलेली नाही अशा लाखो चित्रफिती काही दिवसांत उतरवल्या. पैसा अडला की तंत्रज्ञान लगेच शिकतं.

आपला कायदा मात्र इथे फार तोकडा पडतो. ‘चित्र काढायला हो म्हटलं होतं पण पसरवायला नाही’, हा भेद आपल्या कायद्यात २०१३ पासून आहे, आता भारतीय न्याय संहितेच्या ७७ व्या कलमात आहे. फार शहाणा भेद आहे. पण ते कलम स्त्रीपुरतं. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१४ च्या नालसा निकालाने आपलं लिंग आपण ठरवण्याचा हक्क दिला, तरी ठाण्यातल्या टेबलावर ‘तू बाई कशावरून’ इथपासून सुरुवात होते. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं ६६ई कलम कोणाही व्यक्तीला लागू आहे, त्यात तीन वर्षांपर्यंत शिक्षा आहे, ते वापरता येतं आणि वापरायला हवं. पण मोठी खोट याच्याही पुढे आहे. स्त्रीवर बलात्कार झाला तर किमान दहा वर्षं; पारलिंगी व्यक्तीवर लैंगिक अत्याचार झाला तर पारलिंगींसाठीच्या २०१९ च्या कायद्याच्या १८ व्या कलमात सहा महिने ते दोन वर्षं. ‘अनैसर्गिक’ संभोगाबद्दलचं जुनं ३७७ कलम संमतीशिवायच्या कृत्यांपुरतं २०१८ नंतरही शिल्लक होतं. नव्या संहितेत तेही आलं नाही. म्हणजे कायदाच सांगतोय की एकीच्या ‘नाही’ची किंमत दहा वर्षं आणि दुसरीच्या ‘नाही’ची सहा महिने. हे वाचनालयातल्या दोघांपैकी एकानेही उच्चारलं नाही, वकिलानेही नाही.

म्हणून सरसकट बंदीवर माझा भरवसा नाही. मुख्याध्यापकांचा राग मी समजू शकतो. सातवी-आठवीतल्या मुलांच्या हातात काय पोचतंय ते बघून मलाही झोप लागत नाही, आणि मुलांपासून हे दूर ठेवायलाच हवं. पण २००५ मध्ये महाराष्ट्राने बायकांना वाचवण्यासाठी डान्सबार बंद केले, तेव्हा पनवेलपासून मुंबईपर्यंत हजारो जणींचं काम गेलं, आणि त्यांतल्या अनेक जणी देहविक्रयाकडे ढकलल्या गेल्या याची नोंद २०१३ मध्ये खुद्द सर्वोच्च न्यायालयाने घेतली. ‘अश्लील आहे का’ हा एकच प्रश्न विचारणारा कायदा कोणाला दुखापत झाली हे बघतच नाही. मुरूडच्या कर्वे घराण्यातल्या र. धों. कर्व्यांवर १९३४ मध्ये त्यांच्या ‘समाजस्वास्थ्य’ मासिकातल्या मजकुरावरून खटला झाला. वाचकांच्या लैंगिक शंकांना दिलेली उत्तरं होती ती, एका जिवाचंही त्यात नुकसान नव्हतं. त्यांच्या बाजूने डॉ. आंबेडकर उभे राहिले, तरीही दोनशे रुपये दंड झालाच. आणि ताईची चित्रफीत टाकणारा? ती तक्रार द्यायला गेली तेव्हा पहिला प्रश्न आला, ‘तू असल्या शूटिंगला गेलीस कशाला?’ बंदीच्या भीतीने तोंड बंद झालं ते तिचं. टाकणाऱ्याचा फोन सुरूच आहे.

वाचनालयाच्या चिटणीसांना मी पत्र दिलं, पुढची चर्चा याच विषयावर ठेवा आणि तिला बोलवा. ते चांगले माणूस आहेत, लगेच हो म्हणाले, बॅनरवर तिचा फोटो छापू म्हणाले. मी म्हटलं, थांबा, आधी तिला विचारतो. संध्याकाळी गेलो तेव्हा ती अंगणात सोलं वाळत घातलेली गोळा करत होती. ऐकून घेतलं, सुपातली सोलं हाताने पसरत राहिली. मग म्हणाली, ‘येतंय. फोटो काढूचो नाय. माज्या आंगाबद्दल कोणी इचारूचा नाय. आणि मधीच उठान जावसा वाटला तर जातलंय.’

चिटणीसांना मी तिन्ही अटी लिहून दिल्या आहेत. बॅनर रद्द झालाय.